आमची सहल, साहेबांचा दौरा

आपल्या जन्माआधी हे जग कसं काय चालत होतं, असा प्रश्न आमच्या घरमालकांना मनापासून पडत असावा. ते पंचायत समितीतून विस्तार अधिकारी म्हणून निवृत्त झाले होते, पण निवृत्त झाली होती ती नुसती खुर्ची. अधिकारी जसाच्या तसा घरी आला होता आणि आता त्याच्या हाताखाली कोणी उरलं नव्हतं. एक बायको होती, आणि वरच्या मजल्यावर आम्ही दोघं भाडेकरू. एवढ्या तुटपुंज्या माणसांवर ते अख्खं कार्यालय चालवत.

त्यांना सगळे 'साहेब' म्हणत. सगळे म्हणजे आम्ही. गल्लीत त्यांना दुसरं नाव होतं, ते इथे लिहिण्यासारखं नाही.

मी तेव्हा बुलढाण्यात रक्त तपासणीच्या एका लॅबमध्ये नोकरीला होते. नवरा जवळच्या धाड गावातल्या शाळेत शिक्षक, रोज एसटीनं जायचा-यायचा. लग्न नवीन होतं. घर हवेशीर होतं, नळाला पाणी येत होतं, आणि बुलढाण्यात पाण्याचं घर मिळालं की माणूस मालकाचा स्वभाव बघत बसत नाही. आम्हीही बघितला नाही. पहिल्याच आठवड्यात साहेबांनी जिन्यावरच्या आमच्या चपला स्वतःच्या हातानं जोडीनं लावून दाखवल्या आणि विचारलं, "समजलं?" तेव्हा बघावा लागला.

लग्नाची पत्रिका आली की साहेब ती लाल पेनानं दुरुस्त करत. ऱ्हस्व-दीर्घ, विरामचिन्हं, आणि 'आग्रहाचे निमंत्रण' असेल तर त्याच्या शेजारी 'आग्रह कशावरून?' असा शेरा. मग ती पत्रिका ज्याची त्याला परत. लग्नाला जात, जेवत, आणि पंगतीत वाढणाऱ्याला वाटी कोणत्या बाजूला ठेवावी ते सांगत. मयतालाही जात. स्मशानातून परतताना बरोबरच्या माणसाला हळू आवाजात म्हणत, "दुःख आहेच, पण नियोजन चुकलं." एकदा आठवडी बाजारात वांगी विकणाऱ्या बाईला त्यांनी वांगी आकारानुसार कशी रचावीत ते उभं राहून समजावलं. तिनं सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "साहेब, घ्याचे असन तं घ्या, नाई तं जरा सरका. मांगं गिऱ्हाईक हाय." घरी आल्यावर साहेबांनी तिचं म्हणणं आम्हाला प्रमाण मराठीत करून सांगितलं, कारण वऱ्हाडी त्यांना सहन होत नसे. स्वतः घाटाखालच्या एका खेड्यात वाढलेले, पण बोलायचे असे की जणू नळातून आकाशवाणी येते आहे.

काकू, म्हणजे त्यांच्या बायको, डोणगावच्या. त्या जशा बोलायच्या तशाच बोलायच्या. त्यांनी 'काऊन' म्हटलं की साहेब आतल्या खोलीतून "का!" असं ओरडत. काकू पुढचं वाक्य पुरं करत, जणू दार वाऱ्यानं वाजलं असावं.

अशा माणसाला आम्ही आपल्या सहलीबद्दल सांगितलं.

लग्नानंतर आम्ही कुठेच गेलो नव्हतो. हळद निघायच्या आत नवऱ्याला परीक्षेचं काम लागलं, मग माझी रजा संपली. दिवाळीच्या सुट्टीत हैदराबाद, बंगळुरू आणि म्हैसूर असं जायचं आम्ही दोघांनी ठरवलं. मला हैदराबादची बिर्याणी हैदराबादेत बसून खायची होती. नवऱ्याला बंगळुरूजवळच्या मोठ्या थीम पार्कमधल्या त्या उलट्या-सुलट्या होणाऱ्या पाळण्यात बसायचं होतं. तो मोबाइलवर त्याचे व्हिडिओ बघून एकटाच हसत असे. म्हैसूरचा राजवाडा दोघांनाही बघायचा होता. बाकी काही ठरलं नव्हतं, आणि ते ठरलं नव्हतं याचाच आनंद होता. घराची किल्ली ठेवायची म्हणून आम्ही खाली गेलो आणि सहल ठेवून आलो.

साहेबांनी सगळं ऐकलं. मग म्हणाले, "कुठे जाणार ते ठरवलंत. कशासाठी जाणार ते ठरवलंत का?" नवरा म्हणाला, "फिरायला." साहेबांनी डोळे मिटून घेतले. फिरतात ती जनावरं, असं त्यांचं मत होतं. माणसं दौरा करतात.

दुसऱ्या दिवशी जिन्याच्या भिंतीवर कार्डशीटचा तक्ता लागला. संस्कृती, खाद्य आणि करमणूक असे तीन रकाने. किल्ले-राजवाड्यांपुढे 'पाहणी' लिहिलं होतं, बिर्याणी आणि डोशापुढे 'चव पाहणी', आणि नवऱ्याच्या पाळण्यांपुढे 'करमणूक (मर्यादित)'. सगळ्यात खाली, सहज लिहावं तसं, लिहिलं होतं: सदस्य चार.

साहेब आणि काकूही येणार, हे आम्हाला कळलं ते असं. नवरा नाही म्हणून सांगायला खाली गेला. बऱ्याच वेळानं वर आला तो चहा पिऊन, आणि हैदराबादच्या लॉजची चौकशी करायचं काम अंगावर घेऊन.

दौऱ्याआधी रंगीत तालीम हवी, असं साहेबांचं म्हणणं. म्हणून खाली रोज सकाळी इडली होऊ लागली, दक्षिणेकडच्या अन्नाची पोटाला सवय व्हावी म्हणून. संध्याकाळी साहेब आणि काकू खांद्याला बॅग लावून गच्चीवर फेऱ्या मारत. साहेब पुढे, काकू मागे. काकूंचे गुडघे दुखत, म्हणून त्या टाकीपाशी थांबत, मग साहेब न वळता म्हणत, "गाडी निघून गेली." कणीक मळताना त्यांना गोवळकोंड्याचे प्रश्न विचारले जात. तिथे राज्य कोणाचं होतं, हिरे कुठून येत. काकू म्हणत, "ज्याचं व्हतं त्याचं व्हतं." मग साहेब आम्हाला जिन्यात गाठून सांगत, की हिला अजिबात जिज्ञासा नाही, हिला नेणं म्हणजे पोतं नेणं आहे.

एकदा काकूंनी मला गच्चीवर कपडे वाळत घालताना विचारलं, "तिथं जाऊन इडल्याच खाच्या ना बाई, मंग इथं काऊन?" आणि खाली कोणी ऐकलं तर नाही, हे बघितलंसुद्धा नाही.

आम्ही जालन्याहून गाडी धरली. पहाटे हैदराबादला उतरलो तेव्हा मला वाटलं होतं, एवढं मोठं शहर आहे, साहेब त्यात थोडे लहान दिसतील. तसं काही झालं नाही. चारमिनारच्या गर्दीत ते मध्येच थांबत आणि चार मिनारांपैकी कोणता आधी बघायचा ते सांगत. लोक आजूबाजूनं वळसा घालून जात.

बिर्याणीचं जे झालं ते मी अजून विसरले नाही. दुपारी एका नावाजलेल्या हॉटेलात टेबल मिळालं. बाजूच्या टेबलावर हंडी उघडली आणि नुसत्या वासानं नवऱ्यानं खुर्ची पुढे ओढली. साहेबांनी एक प्लेट मागवली आणि चार चमचे. वेटर म्हणाला, चार लोग हैं. साहेब म्हणाले, "हम चखने आए हैं." मग आमच्याकडे वळून, "अधिकारी माणूस चव बघतो, पोट भरत नाही." प्रत्येकाच्या वाट्याला आलं ते देवाच्या प्रसादाएवढं. नवऱ्यानं आणखी एक प्लेट मागवायला तोंड उघडलं, तोवर साहेब हात धुवायला उठले होते. लॉजवर परत येऊन आम्ही काकूंनी बांधून आणलेले धपाटे खाल्ले, पलंगावर वर्तमानपत्र पसरून. धपाटे उत्तम होते. पण धपाटे खायला मी बुलढाण्याहून आले नव्हते.

दुसऱ्या दिवशी गोवळकोंडा. किल्ल्याच्या दरवाजात घुमटाखाली टाळी वाजवली की ती वर अगदी टोकावर ऐकू येते, असं म्हणतात. साहेबांना ते तपासून बघायचं होतं. त्यांनी स्वतः खाली थांबायचं ठरवलं आणि आम्हा तिघांना वर पाठवलं. काकू पायऱ्यांवर बसत, उठत, पुन्हा बसत चढल्या. नवऱ्यानं त्यांना खालीच थांबा म्हटलं, तर म्हणाल्या, खालतं हे हायेत.

वर वारा होता. सगळं शहर खाली पसरलेलं होतं. काकू एका दगडावर टेकल्या, पदरानं तोंड पुसलं आणि पहिल्यांदाच काहीतरी बघावं तसं त्या दिशेनं बघत बसल्या. तेवढ्यात टाळी आली. बारीक, पण स्पष्ट. मागोमाग माझा फोन वाजला. "ऐकू आली का?"

मी हो म्हणणार, तोच काकूंनी हात पुढे केला. मी फोन दिला.

"नाई बा," काकू म्हणाल्या. "कायी नाई आली."

पुन्हा टाळी. पुन्हा फोन. काकूंनी पिशवीतून फुटाणे काढले, आम्हाला दिले, स्वतः घेतले. "नाई आली. जरा जोरानं वाजवा." त्यांच्या चेहऱ्यावर काही नव्हतं. नवरा पाठ फिरवून उभा होता, त्याचे खांदे हलत होते. खालून टाळ्या येतच होत्या, कधी एक, कधी लागोपाठ, आणि आम्ही वर बसून सावकाश फुटाणे संपवले.

उतरलो तेव्हा साहेबांचे तळवे लाल झाले होते. दारावरच्या पहारेकऱ्याला ते हिंदीत सांगत होते, की घुमटाच्या बांधकामात दोष आहे.

मला वाटलं, चला, आता मजा येईल. पण बंगळुरूला थीम पार्कच्या दारात साहेबांनी आम्हाला एका झाडाखाली उभं करून सूचना द्यायला सुरुवात केली. सोप्याकडून अवघडाकडे जायचं. कोणी वेगळं व्हायचं नाही. ते स्वतः कशातच बसणार नव्हते, ते बघणार होते. पहिला पाळणा लहान मुलांचा निघाला. आम्ही दोघं, वयानं वाढलेले, गुडघे हनुवटीला लावून प्लास्टिकच्या बदकात बसलो आणि गोल फिरलो. त्यानंतर नवऱ्याच्या त्या मोठ्या पाळण्याच्या रांगेत उभे राहिलो. आमचा नंबर येत आला तेव्हा साहेब पिवळ्या रेषेच्या आत शिरले आणि पाळण्याचे नट-बोल्ट वाकून बघायला लागले. तिथल्या पोरसवदा माणसानं त्यांना कानडीत काहीतरी सांगितलं, मग हातानं बाहेर व्हा म्हणून दाखवलं. आणि साहेबांची आकाशवाणी बंद पडली.

"काऊन बे? मले ओळखत नाई का तू?"

बंगळुरूत त्यांना कोणी ओळखावं असं कारण नव्हतं. पाळणा थांबवला गेला, साहेबांना व्यवस्थापकाच्या खोलीत नेलं, आणि त्यांच्याबरोबर आम्हालाही, कारण आम्ही एक गट होतो. व्यवस्थापक भला माणूस होता. त्यानं साहेबांना थंड पाणी दिलं आणि त्यांचं सगळं ऐकून घेतलं. साहेबांचं सगळं म्हणजे संध्याकाळ, आणि पाळणे बंद व्हायची वेळ.

बसमध्ये नवरा खिडकीकडे तोंड करून बसला. लॉजच्या खोलीत आम्ही भांडलो. कुजबुजत, कारण भिंती पातळ होत्या आणि पलीकडे साहेब होते. तो म्हणाला, उद्या म्हैसूरला आपण दोघंच वेगळे जाऊ, मी सांगतो त्यांना. मी म्हणाले, तू नाही सांगणार. तो म्हणाला, तूही नाही सांगितलंस. लग्नानंतर आपण पहिल्यांदा बाहेर पडलो आहोत आणि हे असं चाललंय, या विचारानं मला रडू आलं. ते त्याला कळू नये म्हणून मी तोंड धुवायला गेले.

म्हैसूरला गेलो ते चौघंच. पोचलो त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी लॉजवर साहेब सगळ्यांत आधी खाली उतरले. टोपी, बूट, खांद्याला बॅग. आम्ही आलो. काकू आल्या नाहीत. साहेबांनी घड्याळ बघितलं आणि मला त्यांना आणायला पाठवलं.

काकू पलंगावर होत्या. पडदा ओढलेला, चादर हनुवटीपर्यंत. मला वाटलं, ताप आला.

"बरं नाही का काकू?"

"बरं हाय. लय बरं हाय, म्हणून तं झोपून राह्यली." त्यांनी मला पलंगावर बसायला सांगितलं. मग म्हणाल्या, "पोरी, लगन झाल्यापासून मी दिवसा झोपली नाई. घरी डोकं टेकलं का दूधवाला येते, पानी येते, नाई तं हे येतेत. इथं कोनीच येत नाई. काल पाह्यलं मी, पडदा ओढला का दिवस बुजते. मले आता राजवाडा नोको, कायी नोको. मी झोपतो. तुमी दोघं जा."

मी विचारलं, साहेबांना काय सांगू? म्हणाल्या, हेच सांगजो.

ते सांगायची वेळ आली नाही. उशीर झाला म्हणून साहेब स्वतःच वर आले होते. दारात उभं राहून म्हणाले, "वेळापत्रकाप्रमाणे आता राजवाडा आहे."

"मंग जा," काकू म्हणाल्या.

"ही दोघं?"

"ते त्यायचे जातीन. त्यायची सहल हाय, त्यायले जाऊ द्या."

साहेबांनी खांद्यावरची बॅग सावरली. मग म्हणाले, "एकटा?"

"तुमाले तं सगळं पाठ हाय," काकू म्हणाल्या. आवाज चढलेला नव्हता. एखाद्या पाहुण्याला घराचा रस्ता सांगावा तसा होता. "इतक्या वर्साचं पाठ हाय. पाठ हाय त्याले आता कोन पाह्यजे संगं?" आणि त्यांनी भिंतीकडे कूस वळवली.

मी साहेबांच्या बाजूनं दारातून बाहेर पडले. ते सरकले नाहीत.

तो एक दिवस आम्हाला मिळाला. राजवाड्यात आम्ही जे दिसेल ते बघितलं, क्रम न लावता. रंगीत काचेच्या छताखाली मान वर करून इतका वेळ उभे राहिलो, की मागच्या लोकांनी ढकललं. बाजारात फुलांच्या राशींमधून चाललो, मसाला डोसा खाल्ला, वर आणखी एक खाल्ला, आणि म्हैसूरपाक कागदातून तसाच खात खात रस्त्यानं फिरलो. नवऱ्यानं भर रस्त्यात माझा हात धरला. बुलढाण्यात त्यानं तो धरला नसता.

संध्याकाळी लॉजवर आलो तर साहेब खाली सोफ्यावर बसलेले. टोपी डोक्यावर, बूट पायात, बॅग मांडीवर. काउंटरवरच्या माणसानं आम्हाला बघून हळूच सांगितलं, "अंकल सुबह से यहीं बैठे हैं." त्यानं त्यांना रिक्षा मागवून देऊ का म्हणून विचारलं होतं. दोनदा चहा दिला होता.

मला तेव्हा वाईट वाटायला हवं होतं. थोडं वाटलंही असेल. पण साहेबांनी तशी उसंत दिली नाही. आम्ही बसतोय न बसतोय तोच त्यांनी चौकशी सुरू केली. छताच्या काचेवर काय काढलं आहे? मोर? कोणत्या रंगाचे? खांब कसे आहेत? सोन्याची अंबारी कुठे ठेवली आहे, शिरताना की निघताना? नवरा बिचारा सांगत होता. साहेब डोळे मिटून ऐकत होते आणि मध्येच म्हणत होते, "सावकाश."

काकू जेवायला खाली उतरल्या तेव्हा केस धुतलेले होते आणि चेहरा असा दिसत होता, की मी क्षणभर ओळखलंच नाही. दुपारी खोलीतच डोसा मागवला होता म्हणे. दार वाजवून आणून दिला, आणि भांडी घ्यायलाही तोच माणूस आला, याचं त्यांना फार कौतुक वाटलं होतं.

परतल्यावर काकू दुपारच्या झोपू लागल्या. दूधवाल्याला दार साहेब उघडत, आणि पातेलं कसं धरावं ते त्याला सांगत. बाकी त्यांच्यात काही फरक पडला नाही. पडेल असं आम्हालाही वाटलं नव्हतं.

दिवाळीची सुट्टी संपता संपता त्यांनी ओसरीवर दौऱ्याचा अहवाल ठेवला. शेजारपाजारचे चार लोक, त्यांच्या बायका, आणि आम्ही. हैदराबादचं खाद्यजीवन झालं, गोवळकोंड्याच्या घुमटातला दोष झाला, बंगळुरूच्या पाळण्यांची असुरक्षितता झाली. मग म्हैसूर. छतावरचे मोर, त्यांचे रंग, कोणत्या खांबापाशी उभं राहिलं की ऊन कसं पडतं. एक चांगला तास साहेब राजवाड्यात फिरत होते. माझा नवरा चहाच्या कपात बघत होता.

काकू चिवड्याच्या ताटल्या घेऊन बाहेर आल्या, तेव्हा शेजारच्या बाईंनी सहज विचारलं, तुम्हाला कसा वाटला हो राजवाडा?

"मले नाई माईत," काकू म्हणाल्या. "मी झोपली व्हती लॉजवर."

बाई हसल्या. "मंग साहेब एकटेच गेले?"

"नाई, ते बी नाई गेले. ते खालतं बसले व्हते. हे लेकरं गेले." त्यांनी बाईंच्या हातात ताटली दिली आणि पुढच्या माणसाकडे वळल्या.

ओसरीवरचे सगळे साहेबांकडे बघत होते. साहेबांनी चष्मा काढला, धोतराच्या सोग्यानं दोन्ही काचा पुसल्या आणि पुन्हा घातला.

"तर, अंबारी," ते म्हणाले, आणि पुढे सुरू झाले.

कोणीही उठलं नाही. चिवडा चांगला झाला होता.